जेरेमी ब्रेट हे भूमिकेचे बळी नव्हते

प्रति,
मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत इंग्लिश अभिनेते जेरेमी ब्रेट यांच्यावर आलेला लेख वाचला. ग्रॅनडा टेलिव्हिजनच्या मालिकेत 1984 ते 1994 अशी दहा वर्षे त्यांनी शेरलॉक होम्स साकारला आणि आर्थर कॉनन डॉयल यांच्या कथा वाचताना आजही अनेकांच्या डोळ्यांसमोर त्यांचाच चेहरा उभा राहतो, हे लेखात योग्य शब्दांत आले आहे. परंतु होम्सने त्यांच्या मनाचा ताबा घेतला, त्यातून त्यांना वेड लागले आणि त्यातच त्यांचा अंत झाला, असा जो सूर लेखभर लावला आहे, तो वस्तुस्थितीला धरून नाही. ऐकायला नाट्यमय वाटतो म्हणून तो वर्षानुवर्षे आळवला जातो. त्यात एका माणसाच्या आजाराचा आणि एका नटाच्या मेहनतीचा, दोन्हींचा विपर्यास होतो, म्हणून हे पत्र.

ब्रेट यांना बायपोलर, म्हणजे द्विध्रुवीय मनोविकार होता. त्यांच्या दुसऱ्या पत्नी जोन विल्सन 1985 मध्ये कर्करोगाने गेल्या. त्या दुःखातून सावरण्याआधीच ते चित्रीकरणाला परतले, 1986 मध्ये पुरते कोसळले, त्यांना रुग्णालयात दाखल करावे लागले आणि लिथियम सुरू झाले. हे औषध मनाची टोकाची चढउतार आटोक्यात ठेवते, पण त्याची मात्रा फार काटेकोर सांभाळावी लागते, सतत तहान लागते आणि अंगात पाणी साठून सूज येऊ शकते. त्यातच शाळकरी वयात झालेल्या संधिवाती तापाने ब्रेट यांचे हृदय आधीच दुबळे झाले होते, शिवाय धूम्रपान भरमसाट. 12 सप्टेंबर 1995 रोजी लंडनमधील राहत्या घरी हृदय बंद पडून वयाच्या 61व्या वर्षी त्यांचे निधन झाले. या साऱ्यात होम्सचा दोष कोठे आहे?

माझ्या थोरल्या भावाने हेच औषध अनेक वर्षे घेतले. भरलेला पेला तो दोन्ही हातांनी धरत असे, कारण बोटांना बारीक कंप सुटलेला असे, आणि पाणी सांडले की आधी आमच्याकडे पाही. त्यामुळे मालिकेच्या उत्तरार्धात ब्रेट यांचा सुजलेला चेहरा आणि जड झालेली पावले पाहताना मला भूमिकेने झपाटलेला नट दिसत नाही. आजारी असूनही वेळेवर कामावर हजर झालेला माणूस दिसतो.

दुसरा मुद्दा त्यांच्या कारकिर्दीचा. लेखात होम्सपूर्वीची तीस वर्षे दोन ओळींत उरकली आहेत. ब्रेट यांचे मूळ नाव पीटर जेरेमी विल्यम हगिन्स. जन्म 3 नोव्हेंबर 1933 रोजी वॉरिकशायरमधला, वडील लष्करी अधिकारी, शिक्षण ईटनमध्ये. मुलाने नाटकात जाऊन घराण्याचे नाव वापरू नये अशी वडिलांची अट होती, तेव्हा आपल्या पहिल्या सुटाच्या आतल्या पट्टीवर शिवलेले शिंप्याचे नाव त्यांनी उचलले आणि ते ब्रेट झाले. जन्मजात दोषामुळे त्यांना ‘र’चा उच्चार नीट करता येत नसे. सतराव्या वर्षाच्या सुमारास शस्त्रक्रियेने तो दोष दूर झाला, तरी उच्चारांचा सराव त्यांनी पुढे आयुष्यभर सोडला नाही. होम्सच्या तोंडचा ‘र’ एकदा कान देऊन ऐकावा: तो जिभेवर घोळतो, ठसठशीत उमटतो, आणि ज्या अक्षराने लहानपणी हैराण केले त्याच अक्षरावर या माणसाने आपले संवाद तोलले आहेत हे लक्षात येते.

1954 मध्ये मँचेस्टरच्या लायब्ररी थिएटरमधून त्यांनी व्यावसायिक रंगभूमीवर पाऊल ठेवले. तेथून ते लंडनच्या ओल्ड व्हिक नाट्यगृहात आले आणि 1961 मध्ये हॅम्लेटही त्यांनी केला. लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या नॅशनल थिएटरमध्ये 1967 साली स्त्री-भूमिकाही पुरुषांनीच केलेल्या ‘ॲज यू लाइक इट’मध्ये ते ऑर्लँडो होते. 1970 मध्ये शेक्सपिअरच्या ‘द मर्चंट ऑफ व्हेनिस’मध्ये खुद्द ऑलिव्हिए शायलॉक असताना ते बसानिओ झाले, आणि त्याच वर्षी इंगमार बर्गमन यांनी बसवलेल्या ‘हेडा गाब्लर’मध्ये मॅगी स्मिथ यांच्या हेडासमोर तिचा नवरा टेसमन. ‘माय फेअर लेडी’ चित्रपटातला त्यांचा फ्रेडी बहुतेकांना आठवतो. त्यातले गाणे मात्र दुसऱ्याच्या आवाजातले आहे, आणि ब्रेट स्वतः उत्तम गात असत, ही हळहळ अजून जात नाही. बीबीसीच्या 1979च्या ‘रेबेका’मध्ये ते मॅक्सिम होते, तर घरातली ती थंड, क्रूर कारभारीण साकारली होती ॲना मॅसी यांनी, म्हणजे त्यांच्या घटस्फोटित पहिल्या पत्नीने. दोघांनी ते काम ज्या निष्ठेने केले आहे, ते मुद्दाम पाहावे असे आहे. होम्स हाती घेण्यापूर्वी लॉस एंजेलिसच्या रंगमंचावर चार्ल्टन हेस्टन यांच्या होम्ससमोर ते होम्सचा सोबती डॉ. वॉटसनही झाले होते. पन्नाशीच्या उंबरठ्यावर, अशी तालीम झालेला नट होम्सकडे आला.

आणि आल्यावर त्याने काय केले, तर अभ्यास. निर्माते मायकेल कॉक्स यांनी ‘बेकर स्ट्रीट फाइल’ नावाचे 77 पानांचे टिपण तयार करून घेतले होते. होम्सच्या सवयी, खाणेपिणे, घरातल्या वस्तू, असे सारे मूळ कथांतून त्यात नोंदवले होते. ब्रेट ती फाइल आणि डॉयल यांच्या कथा सेटवर जवळ बाळगत आणि पटकथा मूळ शब्दांपासून ढळली की हुज्जत घालत. होम्सकथांसाठी सिडनी पॅजेट यांनी काढलेल्या मूळ चित्रांतल्या बैठका आणि हातांची ठेवण मालिकेत जागोजागी दिसते. होम्सला ते चंद्राच्या अंधाऱ्या बाजूची उपमा देत, ही भूमिका आपल्याला जड जाते असेही मोकळेपणाने सांगत. परंतु जड जाणे आणि वेड लागणे यांत फार अंतर आहे, आणि जो नट मधल्या काळात, 1988-89 मध्ये, लंडनच्या विंडहॅम्स थिएटरमध्ये मालिकेतले वॉटसन एडवर्ड हार्डविक यांच्यासह केवळ दोन पात्रांचे होम्सवरचे नाटक रोज रात्री उभे करू शकतो, त्याचा स्वतःवरचा ताबा सुटला होता असे म्हणणे मला धाडसाचे वाटते.

एका प्रसंगाचा उल्लेख लेखात असायला हवा होता. 1988 मध्ये दाखवलेल्या ‘द डेव्हिल्स फूट’ या भागात होम्स कॉर्नवॉलच्या समुद्रकिनाऱ्यावर कोकेनची सिरिंज वाळूत पुरून टाकतो. मूळ कथेत हे नाही. मूळ शब्दांसाठी भांडणाऱ्या ब्रेट यांनी हा एक बदल मात्र स्वतः सुचवला, कारण लहान मुलेही होम्स पाहतात हे त्यांच्या ध्यानात आले होते, आणि त्यासाठी त्यांनी डॉयल यांच्या कन्या डेम जीन कॉनन डॉयल यांची संमती घेतली. आपल्या नायकाचे व्यसन विचारपूर्वक सोडवणारा आणि त्यासाठी रीतसर परवानगी मागणारा हा माणूस भूमिकेच्या आहारी गेलेला दिसतो का?

अखेरच्या सहा भागांत त्यांना दम लागतो, हे खरे आहे. ‘द मॅझरिन स्टोन’च्या वेळी प्रकृती इतकी ढासळली की होम्सचे बरेचसे काम त्याच्या थोरल्या भावाकडे, म्हणजे चार्ल्स ग्रे यांच्या मायक्रॉफ्टकडे द्यावे लागले. एकूण 41 भाग झाले. डॉयल यांच्या साठही कथा पडद्यावर आणण्याची ब्रेट यांची इच्छा अपुरी राहिली. त्यानंतर 1995 मध्ये, निधनाच्या थोडे आधी, ते बीबीसी रेडिओवर स्वतःच्या आजाराबद्दल उघडपणे बोलले आणि असाच आजार असलेल्या रुग्णांसाठी काम करणाऱ्या संस्थेकरिता त्यांनी मदतीचे आवाहन केले. तेव्हा एखाद्या प्रसिद्ध नटाने असे बोलणे मुळीच सोपे नव्हते. लेखात या आवाहनाचा उल्लेख नाही. पुढील अंकात निदान तेवढी एक नोंद छापावी, ही विनंती.

कळावे,
आपला एक जुना वाचक