जजच्या नेमणुकीची फाइल इतकी का रखडते?

संपादक साहेब, नमस्कार,

वडिलांची जमिनीची केस खालच्या कोर्टात चालू आहे, मागच्या तारखेला गेलो तर बोर्ड लागलेला पण जज साहेबांची खुर्ची रिकामी, बदली झाली म्हणे आणि नवीन अजून आलेच नाहीत, क्लार्कने पुढची तारीख दिली आणि आम्ही आल्या पावली परत. सत्तरी पार केलेला माणूस किती हेलपाटे मारणार?

वर हायकोर्टात पण तीच गत. तिथले चीफ जस्टिस आणि दोन सीनियर जज नाव सुचवतात, मग सरकार, आयबीचा (गुप्तचर खात्याचा) रिपोर्ट, मग सुप्रीम कोर्टाचं कॉलेजियम म्हणजे तिथल्या चीफ जस्टिस आणि सीनियर जजांची समिती, मग परत सरकार. 2015 मध्ये कॉलेजियमऐवजी जज नेमायला आणलेला नेमणूक आयोगाचा कायदा सुप्रीम कोर्टाने 4 विरुद्ध 1 असा रद्द केला, त्यामुळे कॉलेजियमच राहिलं. ठीक आहे, पण 2021 मध्ये त्याच कोर्टाने सांगितलंय की कॉलेजियमने एकमताने तेच नाव परत पाठवलं तर तीन-चार आठवड्यांत नेमणूक करा, तरी काही फायली महिनोन् महिने पडून राहतात आणि का अडकल्या ते सरकार सांगत नाही, याचा मला खरंच राग येतो.

सिव्हिल जजच्या परीक्षेला तीन वर्षं वकिलीची अट 2025 मध्ये परत आली ते मात्र चांगलं झालं, ज्याने कोर्टात उभं राहून तारखा घेतल्यात त्याला पक्षकाराचे हाल कळतात. फक्त ती भरती वेळेवर काढा आणि बदली करताना आधी दुसरा जज द्या.

– एक पक्षकाराचा मुलगा