आर्थर ल्यूकन यांची आठवण

स्त्रीवेशातला विनोद म्हटला की तो हलकाच असणार, असे आपल्याकडे सर्रास बोलले जाते. हे मला पटत नाही, म्हणून ब्रिटिश नट आर्थर ल्यूकन यांच्याविषयी लिहितो. १८८५ मध्ये लिंकनशायरमधील सिब्सी गावी जन्मलेल्या या कलावंताने म्युझिक हॉलच्या, म्हणजे गाणी आणि विनोदी प्रवेश सादर होणाऱ्या नाट्यगृहांच्या, रंगमंचावर ‘ओल्ड मदर रायली’ ही गरीब आयरिश धोबीण उभी केली. डोक्याला बॉनेट (हनुवटीखाली बांधायची बायकी टोपी), अंगावर शाल आणि तोंडाचा पट्टा अखंड! लेकीच्या भूमिकेत त्यांची पत्नी किटी मॅकशेन. १९३४ मध्ये ब्रिटिश राजघराण्यासमोर प्रयोग झाला, १९३७ पासून चित्रपट आले आणि दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ल्यूकन ब्रिटनच्या लोकप्रिय ताऱ्यांत गणले गेले. ही म्हातारी भल्याभल्या साहेबांना भिडते, लेकीसाठी जीव टाकते. कष्टकरी प्रेक्षकांना ती आपलीच वाटली. ल्यूकन आणि किटी यांचा संसार मात्र पुढे मोडला. १७ मे १९५४ रोजी इंग्लंडमधील हल शहरातील टिवोली थिएटरात, प्रवेशाची वाट पाहताना विंगेतच ल्यूकन वारले. प्रयोग बदली नटाने पार पाडला. आज दूरचित्रवाणीवर साडी नेसून विनोद करणाऱ्या आपल्या नटांनी आणि त्यांच्या लेखकांनी ल्यूकन यांचे चित्रपट मिळवून जरूर पाहावेत.

– एक नाट्यप्रेमी वाचक, पुणे