मनू, ती वरची ओळ लटकून गाऊ नकोस

मनू,

फोनवर सांगायला गेले तर तू मध्येच तोडणार आणि मग आपण दोघी भलतंच काहीतरी बोलत बसणार, म्हणून लिहूनच काढते, सावकाश वाच.

तुझा डिरेक्टर म्हणतोय की अंतऱ्याची ती वरची ओळ तू सिल्कवर, म्हणजे त्या टांगलेल्या लांब कपड्यावर, उलटी लटकून लाइव्ह गायचीस आणि शेवटचा सूर लागलेला असतानाच ड्रॉप घ्यायचा, म्हणजे अंगाभोवतीचा वेढा सोडून एकदम खाली यायचं. पब्लिक वेडं होईल म्हणे. होईल ना, नक्की होईल. पण माझं उत्तर नाही असं आहे, आणि ते आई म्हणून घाबरले वगैरे म्हणून नाहीये, हवेत लटकून गाणं आणि कसरत दोन्ही करून पोट भरलेली बाई म्हणून सांगतेय.

कारण नीट समजून घे म्हणजे तुला त्याच्याशी बोलता येईल. आपण जोर लावतो तेव्हा गळा आपोआप बंद होतो. जड ट्रंक उचलताना आपण "हं" करून श्वास कोंडतो ना, तेच. स्वरपट्ट्या, म्हणजे गळ्यातल्या आवाज काढणाऱ्या घड्या, घट्ट मिटतात, छातीत हवा अडकते आणि त्या अडकलेल्या हवेच्या आधारावर खांदे-पाठ ताकद लावतात. गाताना बरोबर उलटं हवं असतं, पट्ट्या सैल मिटायला हव्यात आणि हवा बारीक धारेने सुटत राहायला हवी. आता हे दोन्ही एकाच क्षणी एकाच गळ्याकडून मागितलं तर एक काहीतरी हरणार. गाणं हरलं तर सूर चिरकेल, ते एकवेळ चालेल. पण तू हट्टी आहेस, तू सूर सोडणार नाहीस, मग पोटाची पकड सैल पडेल, आणि ड्रॉपच्या वेळी पोट सैल म्हणजे कंबर गेली. आणि रोज दोन शो असं मिटलेल्या गळ्यावर सूर ढकलत राहिलीस तर पट्ट्यांवर गाठी यायला एक सीझन पुरतो. गाठी आल्या की महिनोन्महिने गाणं बंद ठेवावं लागू शकतं, ज्यांना आल्यात त्यांना विचार.

त्यात तू उलटी. उलटं झालं की पोटातलं सगळं डायफ्रॅमवर येऊन बसतं, श्वास सोडायला सोपं जातं पण घ्यायला जड. रक्त डोक्यात, नाक चोंदल्यासारखं, स्वतःचाच आवाज कानात वेगळा ऐकू येतो म्हणून सूर हलू शकतो. इन-इअर, म्हणजे स्वतःचा आवाज ऐकायचं कानातलं, घातलेलं असलं तरी गिरकीत एक कान निसटतोच. चार सूर गुणगुणायला उलटं लटकणं ठीक आहे, मी पण करायचे, पब्लिकला गंमत वाटते. पूर्ण ताकदीची तार सप्तकातली ओळ मात्र नाही.

मग काय करायचं, तर क्रम बदलायचा. ती ओळ फूटलॉकमध्ये उभं राहून गा. एक पाय कपड्यात बांधलेला, एका हाताने वर धरलेलं, दुसरा हात मोकळा, छाती मोकळी, तिथे गळ्यावर काहीच ताण नसतो आणि दिसतंही छान कारण चेहरा पब्लिककडे असतो. (उलट्या चेहऱ्यावर भाव कोणाला दिसतात ग?) ओळ संपली की म्युझिकला आठ-बारा मात्रा दे, त्यात चढ, गुंडाळून घे, दोन श्वास घे. ड्रॉप पूर्ण शांततेत, बँडसुद्धा बंद. आणि खाली थांबलीस की लगेच मुखडा नको, आधी पब्लिकला ओरडू दे, तो टाळ्यांचा वेळ तुझ्या श्वासाचा आहे, तो कोणी तुला फुकट देत नाही. मग हळू आवाजात खालच्या पट्टीत मुखडा. धाप लागलेली असताना हळू गायला जोरात गाण्यापेक्षा जास्त कंट्रोल लागतो हे खरंय, पण ते रियाजाने येतं. प्लँक लावून खर्ज भर, जिना चढून वर गेल्या गेल्या एक ओळ म्हण, असलं रोज करत जा.

ट्रॅकबद्दल, म्हणजे आधी रेकॉर्ड केलेलं गाणं लावण्याबद्दल, विचारलंयस. हे बघ, कठीण जागेला मागे स्वतःचाच रेकॉर्ड केलेला आवाज हळू ठेवण्यात लाज नाही, सगळे ठेवतात. पण पूर्ण गाणं ट्रॅकवर आणि तू नुसते ओठ हलवतेस, हे मला नाही पटत. तसं करायचं तर गाऊच नकोस, नुसती कसरत कर, ती काय कमी आहे का. 2010 च्या ग्रॅमीला पिंक या अमेरिकन गायिकेने हवेत टांगून, भिजलेल्या अंगाने गिरक्या घेत लाइव्ह गायलं होतं, तो व्हिडिओ तू मला दाखवत असतेस. परत बघ तो, आणि या वेळी आवाज बंद करून बघ. कुठे ती तोंड उघडते आणि कुठे मिटते एवढंच बघ. आणि हेही लक्षात ठेव की त्याच वर्षी जुलैमध्ये जर्मनीत न्यूरेंबर्गला हार्नेस, म्हणजे अंगाला बांधायचा पट्टा, नीट न अडकल्यामुळे तीच बाई स्टेजवरून खाली बॅरिकेडवर फेकली गेली होती. एवढा मोठा शो, एवढी माणसं कामाला, आणि एक क्लिप.

म्हणून रिगिंगचं, म्हणजे वर टांगायच्या दोर-कड्यांच्या जोडणीचं, सांगते, आणि इथे मी जरा कडक बोलणार आहे. लिलियन लाइटझेल नावाची एक बाई होती, एका हाताने दोरावरच्या कडीला लटकून अख्खं अंग खांद्यावरून गरागरा फिरवायची, पब्लिक मोठ्याने मोजायचं, शंभरच्या वर जायचं. 13 फेब्रुवारी 1931 ला कोपनहेगनला तिच्या दोराचा स्विव्हल, म्हणजे तो फिरता जोड, तुटला आणि ती खाली आली, दोन दिवसांनी गेली. सतत फिरून तापून धातू आतून कमजोर झाला होता असं म्हणतात. कला, ताकद, नाव, सगळं होतं तिच्याकडे, तुटला तो लोखंडाचा तुकडा.

तर ड्रॉपच्या वेळी तुझ्या वजनाच्या कितीतरी पट झटका सिल्क टांगलेल्या त्या एका पॉइंटवर बसतो. कॅरॅबिनरवर, म्हणजे उघडझाप करणाऱ्या गेटच्या त्या धातूच्या कडीवर, 22 नाहीतर 25 किलोन्यूटन असा ताण कोरलेला असतो, ते वाचून खूश होऊ नकोस, ते उभ्या ताणाचं आहे आणि गेट बंद असतानाचं. आडवा पडला किंवा गेट उघडं राहिलं की ताकद तिसऱ्या हिश्श्यावर येते. ही जोडणी करणारा रिगर कितीही ओळखीचा असू दे, दादा-दादा म्हणत त्याच्या मागे उभी राहा आणि गेटचा स्क्रू स्वतःच्या बोटाने फिरवून बघ. स्विव्हल हाताने फिरव, करकर आवाज आला तर त्या दिवशी वर जायचं नाही. शो कॅन्सल झाला तर होऊ दे. कपडा पूर्ण लांबी हातातून घसरवत तपास, अंगठी घालून कोणीतरी प्रॅक्टिस केलेली असते आणि बारीक ओढ पडलेली असते, ती डोळ्याला नाही दिसत, बोटाला लागते. आणि माइकचा ट्रान्समीटर कमरेला लावू देऊ नकोस, कपड्याचा वेढा नेमका तिथेच बसतो, दोन खांद्यांच्या मध्ये वर बांधून घे.

आत्या परत बोलली म्हणे, गाणारीने गावं, दोरावर कशाला लोंबकळावं. तिला विष्णुपंत छत्रे सांग. सर्कस काढणारे म्हणून सगळ्यांना माहीत, 1880 ची गोष्ट, पण तो माणूस ग्वाल्हेरला घोडेस्वारी शिकला तसं ग्वाल्हेर घराण्याच्या हद्दू खाँकडे गाणंही शिकला होता, आणि पुढे त्याच हद्दू खाँच्या मुलाला, रहिमत खाँना, स्वतःबरोबर घेऊन फिरला. तेव्हा घराणंबिराणं काढू नकोस म्हणावं. तसं बघायला गेलं तर तिकडे पॅरिसला 1859 मध्ये लेओतार नावाचा फ्रेंच कसरतपटू पहिल्यांदा झुल्यावरून झुल्यावर उडाला, आणि त्याच्यावरचं गाणं 1867 मध्ये गाजवलं ते लंडनच्या म्युझिक हॉलमधल्या दुसऱ्याच माणसाने. उडणारा एक आणि गाणारा वेगळा. तू एकटीने दोन्ही करतेस, म्हणून पैसेही तसेच माग. "व्हरायटी आर्टिस्ट" लिहून एकाच कामाचा चेक देतात, ते चालवून घेऊ नकोस.

बाकी शोच्या आधी दोन-तीन तास काही खाऊ नकोस, उलटं झालं की ॲसिड थेट गळ्यात येतं. पकड यावी म्हणून लावतात ती रोझिनची पावडर हाताला लावताना तोंड बाजूला कर, ती घशात गेली की दिवसभर खवखव. रिहर्सलला पूर्ण आवाजात गायचं नाही, नुसतं मार्किंग, म्हणजे हळू आवाजात सूर दाखवत जाणं, एवढंच करायचं, डिरेक्टर ओरडला तर ओरडू दे.

कॉन्ट्रॅक्टवर सही केली नाहीयेस ना अजून? दुखापतीचं कलम असेल ते पान फोटो काढून पाठव, त्यात फक्त पडण्याचं लिहिलंय की आवाज गेल्यावरही पैसे मिळणार आहेत ते मला बघायचंय. नसेल तर लिहून घे, नाही म्हणाले तर मला फोन कर, मी बोलते त्यांच्याशी.

आई