चित्रीकरणाच्या अर्जात एक रकाना वाढवा : माननीय मुख्यमंत्र्यांना खुले पत्र

माननीय महोदय,

सप्रेम नमस्कार.

गोव्यात चित्रीकरणाची परवानगी देणाऱ्या एंटरटेन्मेंट सोसायटी ऑफ गोवा या संस्थेचे आपण अध्यक्षही आहात, म्हणून हे पत्र आपल्यालाच लिहीत आहे. मी फोंड्याचा. गेली १८ वर्षे चित्रपटांच्या निर्मिती व्यवस्थापनाचे काम करतो.

या कामाची कल्पना यावी म्हणून दिवाडीचा एक दिवस सांगतो. बेटावर जायला फेरीबोट. तीत जनरेटरची गाडी, लाइटचा टेम्पो आणि ७० माणसांचा नाश्ता पहाटेच चढवायचा, आणि तेही कामावर निघालेल्या गावकऱ्यांचा खोळंबा न करता. पुढचे दृश्य किनाऱ्यावर असेल तर रात्री भरतीचे वेळापत्रक घेऊन बसायचे, कारण भरती रोज सुमारे ५० मिनिटे पुढे सरकते आणि आज सकाळी नऊला मोकळी दिसणारी वाळू चार दिवसांनी त्याच वेळी पाण्याखाली असू शकते. कॉलशीटमध्ये, म्हणजे त्या दिवशी कोणी कुठे किती वाजता हजर राहायचे त्या कागदात, ही चूक राहिली, तर अख्ख्या शिफ्टचा खर्च शब्दशः पाण्यात जातो. दूधसागर हवा असेल तर वनखाते आणि रेल्वे अशा दोन्ही दारांत उभे राहावे लागते.

ही विद्या आम्ही कोणत्याही चित्रपट संस्थेत शिकलो नाही. जत्रेतल्या नाटकासाठी पडदे, रंगभूषाकार आणि ऑर्गनवादक जमवून उजाडायच्या आत शेवटचा अंक संपवणाऱ्या गावच्या माणसाच्या हाताखाली शिकलो. पदनाम मागण्याची सवय आम्हाला लागली नाही, ती कदाचित त्यामुळेच.

बाहेरून येणाऱ्या युनिटमध्ये आम्ही केवळ 'लोकल कोऑर्डिनेटर' असतो. गेल्या वर्षी एका वेबमालिकेसाठी मी ४१ दिवस राबलो. जागामालकांशी बोलणी, पंचायतीचे दाखले, पोलिसांना द्यायची पत्रे हे सारे मीच केले. श्रेयनामावलीत माझे नाव आले नाही, आणि १२ दिवसांचे पैसे अजून येणे आहेत. वकिलाकडे गेलो, तर त्यांनी पहिल्यांदा नेमणूकपत्र मागितले. ते मला कधी मिळालेच नव्हते.

माझी मागणी एवढीच आहे, की चित्रीकरणाच्या परवानगीसाठी अर्ज करताना गोव्यातील निर्मिती व्यवस्थापकाचे नाव आणि त्याच्या नेमणूकपत्राची प्रत देणे बंधनकारक करावे, आणि त्याचे देणे चुकते झाल्याचा त्याच्या सहीचा कागद आल्याशिवाय त्या निर्मात्याचा पुढचा अर्ज स्वीकारू नये. प्रशिक्षणवर्ग जरूर काढा, पण आज जे हे काम करतात त्यांच्या हाती आधी कागद द्या. अशा अटीमुळे निर्माते दुसऱ्या राज्यात जातील, असे आपल्याला सांगितले जाईल. एका नेमणूकपत्रापायी कोणी गोव्याचा किनारा सोडून जाईल, हे मला तरी पटत नाही.

पावसाळा सरला की युनिटे पुन्हा येऊ लागतील, म्हणून हा बदल त्याआधी व्हावा. आपण वेळ दिलीत तर जुन्या कॉलशीट घेऊन मी पणजीला येईन.

आपला नम्र,
फोंड्याचा एक निर्मिती व्यवस्थापक