चि. नंदास, अर्ज भरण्याआधी

चोडण

चि. नंदा हिस अनेक आशीर्वाद.

गोव्याच्या विधानसभेला उभं राहायचं तू पक्कं केलंस, म्हणून हे लिहितो. सभेत बोलणं तुला जमतं, त्याची काळजी नाही. शेतातून राजकारणात गेलेल्या माणसाची अडचण वेगळी असते. शेताचं वर्ष मृगाला सुरू होतं आणि सरकारचं 1 एप्रिलला. या दोन वर्षांची सांगड घालणारा आमदार खाजनाच्या, म्हणजे बांध घालून खाऱ्या पाण्यापासून राखलेल्या शेतांच्या, गावांना हवा आहे.

बांधाचंच घे. तो फुटतो पावसाळ्यात, अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला, नदीला वरून पूर आलेला असताना. पण बिघाड आधीच झालेला असतो. कुर्ल्यांची बिळं बुजवलेली नसतात, चिखलाचा थर खचलेला असतो, मानशीचं, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या झडपेचं, दार कुजलेलं असतं. भरतीला ते दार मिटलं पाहिजे, ओहोटीला उघडलं पाहिजे. मासळीसाठी कोणी भरतीला ते अडवून धरलं की खारं पाणी थेट शेतात शिरतं. भाताचं कोरगुट वाण थोडा खार सोसतं, ज्योती वाण सोसत नाही. लावणी झाल्यावर खार चढला तर ते पीक गेलंच म्हणून समज.

बांधाला चिखल कोरड्या दिवसांतच धरतो. जूनमध्ये टाकलेली माती पहिल्याच उधाणात वाहून जाते, आणि बिल मात्र निघतं. म्हणून काम मे महिन्यात पुरं व्हायला हवं. तिथून मागे मोज: कामाचा आदेश, त्याआधी निविदा, त्याआधी मंजुरी, त्याआधी अंदाजपत्रक. कापणी झाली की ऑक्टोबरातच अभियंत्याला बांधावरून स्वतः चालवत ने. जानेवारीपर्यंत मंजुरी आली नाही तर ते वर्ष हातचं गेलं. फाईल कूळ संघटना, कोमुनिदाद (गावाची सामाईक जमीन सांभाळणारी संस्था) आणि कृषी खात्याचा मृदसंधारण विभाग यांच्यात फिरत राहते, तेव्हा बांध कोणाच्या ताब्यात आहे हे आधी लेखी घे. मानशीच्या पावणीचे, म्हणजे तिथल्या मासेमारीच्या लिलावाचे, पैसे बांधावर किती खर्च झाले, हेही संघटनेला विचार. चार मतं दुरावतील, तरी विचार.

पावसाळी अधिवेशन बहुधा जुलै-ऑगस्टात येतं, नेमकं लावणीच्या दिवसांत. ‘किती बांध फुटले’ असा प्रश्न टाकलास तर एक आकडा हातात पडेल, त्यातून काहीच कळणार नाही. प्रत्येक बांधाचा सर्व्हे क्रमांक, अंदाजपत्रकाची तारीख, मंजुरीची, कामाच्या आदेशाची आणि काम संपल्याची तारीख माग. तारखा शेजारी-शेजारी लावल्या की काम कोणाच्या टेबलावर अडलं ते दिसतं. असा तक्ता हवा असेल तर अतारांकित, म्हणजे फक्त लेखी उत्तराचा, प्रश्न बरा. मंत्र्याला सभागृहात उपप्रश्नांनी धरायचं असेल तर तारांकित. बहुतेक नवे आमदार इथेच चुकतात, सगळं तारांकित टाकतात आणि प्रश्नोत्तराचा तास संपेपर्यंत त्यांचा प्रश्न पुकारलाच जात नाही.

सगळ्यात जास्त माणसं जमिनीसाठी येतील. प्रत्येकाकडून आधी एक-चौदाचा, म्हणजे जमिनीच्या नोंदीचा, उतारा माग आणि कुळाचा रकाना वाच. 1976 च्या पाचव्या दुरुस्तीने कसणाऱ्याला जमिनीची मालकी मिळाली, आणि अशी जमीन शेतीशिवाय दुसऱ्या कामाला वापरू नये म्हणून 1991 चा कायदा आहे. तरीही झोन बदलून द्या म्हणणारे येतील, त्यात आपलेही असतील. नगरनियोजन कायद्यात 2024 साली 39अ कलम आलं, त्याखाली असा अर्ज करता येतो. प्रस्ताव जाहीर झाला की हरकतींची मुदत थोड्या दिवसांची असते, म्हणून सूचना निघाल्याच्या दिवशीच ती गावात पोचव. मये गावाकडे गेलीस तर वेगळंच आहे. तिथे पिढ्यान्‌पिढ्या कसणाऱ्यांच्या जमिनी स्थलांतरितांच्या, म्हणजे गोवा सोडून गेलेल्या मालकांच्या, सरकारकडे आलेल्या मालमत्तेत अडकल्या. त्यांच्यापुढे कुळकायद्याचं भाषण करू नकोस.

आता निवडणुकीचं. गोव्यात मतदारसंघ लहान. 2022 मध्ये सांत आंद्रेचा निकाल 76 मतांवर लागला. एवढी मतं एका वाड्यावर असतात, तेव्हा एकही वाडा सोडू नकोस. अपक्ष उभी राहिलीस तर त्याच मतदारसंघातले दहा सूचक लागतात. एकाची जरी सही चुकली तरी अर्ज बाद होऊ शकतो, म्हणून दोन अर्ज भर आणि त्यांवर वेगवेगळे दहा सूचक घे. अनामत 10,000 रुपये, आणि एकूण वैध मतांच्या सहाव्या भागाहून जास्त मतं मिळाली नाहीत तर ती जप्त होते. खर्चाचं बँक खातं अर्जाच्या आदल्या दिवसापर्यंत वेगळं उघड. 2022 साली गोव्यासाठी खर्चाची मर्यादा 28 लाख होती. यंदाची पत्रक आल्यावर पाहून घे. निकालानंतर 30 दिवसांत हिशेब द्यावा लागतो. सबळ कारणाशिवाय तो चुकला तर तीन वर्षं अपात्र ठरवतात.

आणि एक, हे आजच तपास. मानशीच्या दुरुस्तीचं सरकारी कंत्राट तुझ्या नावावर चालू असेल तर लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या 9अ कलमाखाली उमेदवारीच अडचणीत येते. काम पुरं झालं असेल आणि फक्त बिल राहिलं असेल तर अडचण नाही, पण काम पूर्ण झाल्याचा दाखला अर्ज भरण्याआधी हातात हवा. तो नसेल तर सोमवारी कचेरी उघडताच जा.

तुझा,
बाबा