इतवारीतल्या त्या ताईंना, ज्यांनी आमच्या आईंसाठी मोठ्या अक्षरात लिहून दिलं

ताई, नमस्कार.

तुम्हाला मी आठवेन की नाही माहीत नाही, इतवारीत तुमच्या काष्ठौषधीच्या दुकानात दिवसभर हिरडा, बेहडा, मुलतानी माती मागणारे किती लोक येत असतील. मी ती, जी मे महिन्यात दुकान बंद व्हायच्या वेळेला घाईघाईनं आत शिरली आणि "चहाच्या बदल्यात द्यायला काहीतरी पाहिजे, पण खरंच चहा नसलेलं पाहिजे" असं म्हणून उभी राहिली. तुम्ही आधी स्टूल पुढे सरकवलं, मग बोललात. हे सगळ्यांसमोर लिहितेय कारण दुकानात येऊन दोन शब्दांत थँक्यू म्हणून माझं समाधान होणार नाही, आणि तुमच्याआधी ज्यांच्याकडे आम्ही गेलो त्यांच्यापैकी कोणी हे वाचलं तर बरंच होईल.

थोडं मागचं सांगते. आमच्या आईंना, म्हणजे माझ्या सासूबाईंना, डॉक्टरांनी चहा बंद केला. छातीत धडधड व्हायची, रात्रीची झोप गेली होती, शुगर तर होतीच. डॉक्टर बरोबरच बोलले, त्यांच्याबद्दल माझी काही तक्रार नाही. पण आईंचं अख्खं घर चहावर चालायचं हो. दारात कोणीही आलं, मग तो मीटर बघायला आलेला माणूस असो की नणंदेच्या सासरचे असोत, आईंचा पहिला शब्द "बसा, चहा ठेवते". स्वतःचा चहा बंद झाला तसं त्यांनी दुसऱ्यासाठी ठेवणंही सोडलं, वासानंच जीव कासावीस होतो म्हणायच्या. मग दुपारी येऊन बसणाऱ्या शेजारच्या काकू कमी झाल्या, आई आतल्या खोलीत पडून राहायला लागल्या, पाणीसुद्धा मागे लागून प्यायला लावावं लागायचं. आणि नागपूरचा उन्हाळा तुम्हाला काय सांगायचा, पारा ४५ च्या आसपास, कूलरसमोर बसूनही घसा कोरडा पडतो, अशात सत्तरीच्या पुढचं माणूस पाणी पीत नाही म्हटल्यावर आमचा जीव सारखा टांगणीला.

सल्ले देणारे भरपूर भेटले. आधी सगळ्यांनी ग्रीन टी सांगितली. अहो, ग्रीन टी म्हणजे त्याच झाडाची पानं, कॅफिन त्यातही असतं, थोडं कमी असेल पण असतं, आणि जिला अर्ध्या कपानं धडधड होते तिला हेल्दी आहे म्हणून तेच पाजायचं का? मग ऑनलाइन सल्ला देणाऱ्या एका डाएटवाल्या मॅडमनी नऊशे रुपयांचा डबा गळ्यात मारला. वर पीचचं सुंदर चित्र, आत वाळलेल्या सफरचंदाचे तुकडे, अंबाडीचा चुरा आणि भरपूर सेंट. काय काय घातलंय ते मागे इतक्या बारीक अक्षरात छापलेलं की मी मोबाईलवर फोटो काढून, मोठा करून वाचलं. पीच त्यात नव्हतंच, फक्त फ्लेवर होता. आईंनी एक घोट घेतला आणि कप बाजूला सरकवला.

पण खरा राग मला त्या कॅफेचा आहे. मुलाच्या वाढदिवसाला सगळे गेलो होतो, आईंसाठी फळांचा हर्बल आइस्ड टी मागवला, मी स्वतः काउंटरवर जाऊन विचारलं की ह्यात चहापत्ती नाही ना, "नाही मॅम, हर्बल आहे". परत विचारलं, परत तेच उत्तर. आईंना आवडलं, कितीतरी दिवसांनी त्यांनी पूर्ण ग्लास संपवला, आम्ही सगळे एकमेकांकडे बघून हसत होतो. आणि रात्री त्या छातीवर हात ठेवून उठून बसल्या, पहाटेपर्यंत आम्ही कोणी झोपलो नाही. दुसऱ्या दिवशी फोन करून खोदून खोदून विचारलं तेव्हा कळलं की तयार पावडर असते, ब्लॅक टीचा अर्क आणि साखर. लेमन आहे ना मॅम त्यात, म्हणून हर्बल म्हणतो. "मला माहीत नाही, विचारून सांगतो" एवढं म्हटलं असतं तरी आम्ही साधं लिंबूपाणी घेतलं असतं. त्यानंतर आई बाहेरच्या कशालाच हात लावेनात, आणि घरी मी काही करून दिलं तरी आधी ग्लासात निरखून बघायच्या. ते मला फार लागलं.

आणि मग तुम्ही भेटलात.

तुम्ही विकायच्या आधी विचारलंत. कोणासाठी, वय काय, गोळ्या कोणत्या चालू आहेत. मी बरणीतली अंबाडीची वाळलेली लाल फुलं बघून पाव किलो द्या म्हटलं, तुम्ही तागडीत टाकलीसुद्धा, आणि मध्येच थांबलात. "बीपीची गोळी आहे का त्यायले?" आहे म्हटल्यावर तागडीतली अर्ध्याहून जास्त परत बरणीत. "अंबाडीनं बीपी थोडं उतरते, गोळीवर गोळी नको व्हायला. एवढीच न्या, डॉक्टरले विचारा, ते हो म्हणले तं मग या, मी काय कुठं पळून जात नाही." माल परत बरणीत टाकणारा दुकानदार मी पहिल्यांदा बघितला. साखर नको म्हणून मी ज्येष्ठमध मागितलं, व्हिडिओत सगळे तेच सांगतात, तर तुम्ही सरळ मान हलवली, रोज रोज ज्येष्ठमध घेतलं तर बीपी वर जाते, बीपीवाल्यानं त्याच्या नादी लागू नये, बडीशेप न्या, तीसुद्धा गोडसर लागते आणि त्रास काही नाही. एवढं सगळं करून माझं बिल शंभरच्या आत. त्या नऊशेच्या डब्यावर ह्यातलं एक अक्षर नव्हतं.

पण ताई, मी हे पत्र लिहायला बसले ते ह्यासाठी नाही. तुम्ही मला कृती सांगत होतात, मी मोबाईलमध्ये टाइप करत होते, आणि तुम्ही एकदम विचारलंत, "करणार कोण, तुम्ही का त्या?" आजपर्यंत हे कोणी विचारलंच नव्हतं. मी म्हटलं त्यांनी केलं तर फारच बरं होईल, पण त्यांना मोबाईलवरचं वाचता येत नाही, चष्मा लावून स्वयंपाक करायला नको वाटतो, वाफेनं धुकं येतं. तर तुम्ही भिंतीवरच्या कॅलेंडरचं गेल्या महिन्याचं पान फाडलंत, उलटं केलंत, बरण्यांवर नावं टाकायचा तो जाड काळा मार्कर घेतलात आणि गल्ल्यावर पान पसरून बोटाएवढ्या अक्षरात लिहायला लागलात. आणि सुरुवातच "आई," अशी केलीत. जसं काही तुम्हीच त्यांना समोर बसून सांगताय. ग्रॅम नाही, मिलिलिटर नाही, मला विचारलंत त्यांचा चहाचा कप केवढा आहे, मी हातानं दाखवला, आणि तुम्ही लिहिलंत "तुमच्या चहाच्या कपानं चार कप पाणी". बाजूचा मुलगा किल्ल्या वाजवत उभा होता, तुम्ही त्याला थांब म्हणालात आणि शेवटची ओळ परत एकदा गिरवली कारण मार्कर वाळत आला होता.

ते पान आमच्या फ्रिजवर आहे. रात्रीचं जेवण झालं की चार कप पाणी, उकळी आली की गॅस बंद, मग त्यात चमचाभर बडीशेप आणि गवती चहाची गाठ मारलेली पानं, वर झाकण, "झाकण ठेवा, वास उडते". पूर्ण गार झालं की अंबाडीची आठ-दहा फुलं आणि काचेच्या बरणीत भरून फ्रिजमध्ये. तुम्ही म्हणाला होतात की अंबाडी उकळली तर आंबट-तुरट होते आणि गार पाण्यात रात्रभर राहिली तर सावकाश रंग सोडते, अगदी तसंच होतं, सकाळी बरणी उजेडात धरली की डाळिंबी रंग, आणि जीभ आत ओढणारा तो आंबटपणा नाही. "उन्हाळ्यात रात्रभर ओट्यावर ठेवू नका, फ्रिजमध्येच" आणि "तांब्या-पितळेच्या भांड्यात नको, आंबट आहे" ह्या दोन्ही ओळींखाली तुम्ही रेघ मारलीय. आमच्याकडे तांब्याचा जग आहे हे तुम्हाला कसं कळलं देव जाणे.

"वरून फळं तुमच्या आवडीची" एवढंच लिहून तुम्ही सोडून दिलंत, आणि आईंनी ती ओळ फारच मनावर घेतली. टरबुजाचे बारीक चौकोनी तुकडे, तेही प्यायच्या वेळेलाच, आधी टाकले की लिबलिबीत होतात. शुगर आहे म्हणून मोजकेच टाकतात. पुदिना उकळायचा नाही, दोन तळव्यांत चोळून वरून टाकायचा. हिवाळ्यात संत्री खाऊन झाली की आई सालं वाळवून डब्यात भरून ठेवतात, त्यातला एखादा तुकडा बडीशेपेसोबत टाकून लगेच काढून घ्यायचा, राहिला तर कडू. आणि बर्फाचं तर त्यांनी स्वतः शोधून काढलं, साध्या बर्फानं पातळ होतं म्हणून गाळलेलंच थोडं बर्फाच्या ट्रेमध्ये ओततात, प्रत्येक खणात डाळिंबाचे दोन दाणे. शोकेसमधले कंगोऱ्यांचे ग्लास बाहेर आलेत, जे माझ्या लग्नातले आहेत आणि ज्यांना एरवी कोणी हात लावलेला त्यांना चालायचा नाही.

डॉक्टरांना विचारलं, तुम्ही सांगितलं होतं म्हणूनच विचारलं. ते म्हणाले दिवसाला एक ग्लास ठीक आहे, पण घरी बीपी मोजत राहा. मोजतोय. झोप बरीच सुधारलीय. पाणी प्या म्हणून मागे लागावं लागत नाही, अंबाडीचा एक ग्लास संपला की नुसत्या बडीशेप-पुदिन्याचं पाणी चालू असतं.

अंबाडीची पुडी पहिल्यांदा उघडली तेव्हा आईंनी एक फूल हातात घेऊन मधली बोंडाची जागा बोटानं चाचपून बघितली आणि म्हणाल्या, ही तर आमच्या बांधावरची. त्यांचं माहेर वर्धेकडचं, तिकडे पिकाच्या कडेनं अंबाडी लावायचे, भाजी तर घरोघरी, आणि त्यांची आई फुलांची चटणी करायची. सासरी आल्यावर ते सगळं मागे पडलं होतं. माझा भाचा दुबईला असतो, त्यानं व्हिडिओ कॉलवर ग्लास बघितला आणि म्हणाला इकडे इजिप्तच्या लोकांच्या हॉटेलात हेच थंडगार देतात आजी, तर आईंना इतका आनंद झाला की त्यांनी ते प्रत्येक पाहुण्याला सांगून झालंय.

हो, पाहुणे यायला लागलेत. काकू दुपारच्या परत येतात, आता त्यांनाच "बसा, गार आणते" असं ऐकायला मिळतं. परवा कुरिअरवाला पोरगा भर दुपारी आला, आईंनी त्याला पंख्याखाली बसवून ग्लास हातात दिला, त्यानं एका दमात संपवला आणि अजून मिळेल का विचारलं. आई स्वयंपाकघरात जाताना मला म्हणाल्या, बघ, मागून घेतलं त्यानं. ताई, हे त्यांचं हरवलं होतं. ते आम्हाला घरच्यांनाही नीट उमगलं नव्हतं, आणि तुम्हाला ज्या बाईला कधी पाहिलं नाही तिच्याबद्दल काउंटरवर उभ्या उभ्या समजलं.

मला सारखं वाटतं की माणसाला अजून काय लागतं हो. समोरचा माणूस खरं बोलेल, माहीत नसेल तर नाही म्हणेल, आणि आपलं जे माणूस स्वतःच्या हातानं काही करू पाहतंय त्याला करता येईल अशा भाषेत, अशा अक्षरात सांगेल. एवढं करायला डिग्री लागत नाही, मोठं दुकान लागत नाही. तुमच्या दुकानात एसी नाही, पंख्याला एक पातं वाकडं आहे, आणि तिथून मी जेवढी निश्चिंत होऊन बाहेर पडले तेवढी त्या काचेच्या दारांच्या ठिकाणांहून कधीच पडले नाही. तुमच्या पोराबाळांना, तुमच्या घरच्या म्हाताऱ्या माणसांनाही आयुष्यात अशीच माणसं भेटोत, मनापासून म्हणतेय.

आता कामाचं. आईंना तुम्हाला विचारायचंय की कैरीचे काप रात्रीच बरणीत टाकले तर चालतील का सकाळी टाकायचे, आणि हिवाळ्यात ताजी अंबाडीची फुलं आली की सावलीत वाळवायची की उन्हात. मी म्हटलं मी विचारून येते, तर नको म्हणाल्या. शनिवारी त्या स्वतः येतायत, सोबत बर्फ घातलेली बरणी आणि दोन ग्लास घेऊन. तुम्हाला गोड किती लागतं ते तेवढं सांगून ठेवा.

तुमची,
पाव किलो मागणारी