मॅकरोनी सॅलड आणि दहीभात

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

ट्यूना मासळी आणि मॅकरोनी (आखूड नळ्यांचा पास्ता) यांच्या थंड सॅलडच्या मराठी पाककृती हल्ली पुरवण्यांतून आणि व्हॉट्सअ‍ॅपवरून पुष्कळ फिरतात. सामान बहुतेक ठिकाणी बरोबर दिलेलं असतं, पण कृती गरम इटालियन पास्त्याची असते: मॅकरोनी ‘अल देन्ते’, म्हणजे मधोमध किंचित कच्चट ठेवा, मेयोनीज घाला, कालवा, फ्रीजमध्ये ठेवा. असं सॅलड कालवताना देखणं दिसतं. चार तासांनी डबा उघडावा तर कोरडं ठक्क. मेयोनीज गेलं कुठे म्हणून आणखी अर्धी वाटी ओतली जाते, मग ते तेलकट लागतं आणि पदार्थालाच नावं ठेवली जातात.

डब्यात दहीभात द्यायचा असला की घरोघरी काय करतात ते आठवावं. भात रोजच्यापेक्षा मऊ शिजवतात, कोमट असतानाच दूध घालतात आणि सकाळी जरा जास्तच सैल ठेवतात, कारण दुपारपर्यंत तो आळणार हे ठाऊक असतं. मॅकरोनी सॅलडचं गणित नेमकं हेच आहे. शिजताना स्टार्चचे कण पाणी पिऊन फुगतात आणि गार झाल्यावर पुन्हा घट्ट बसू लागतात. फ्रीजच्या थंडाव्यात हे सगळ्यात झपाट्यानं होतं. फ्रीजमधला शिळा भात टणक लागतो तो त्यामुळेच. गरम खाताना बरोबर वाटणारी मॅकरोनी थंड झाल्यावर रबरासारखी चिवट लागते, आणि अर्धवट शिजलेली असेल तर पोटात जागा शिल्लक असल्यानं भोवतीचा ओलावाही पिऊन टाकते.

सहा ते आठ जणांसाठी कोपरासारखी वाकडी, आखूड मॅकरोनी २२५ ग्रॅम घ्यावी. अमेरिकेतला पुडा ४५४ ग्रॅमचा असतो, त्याचा हा अर्धा. तीन लिटर पाणी खळखळून उकळलं की दीड टेबलस्पून मीठ घालावं. एवढं मीठ पाहून हात आखडतो, पण त्यातलं बरंचसं पाण्याबरोबर मोरीत जातं, आणि मॅकरोनीच्या आत मीठ मुरवण्याची हीच एक वेळ असते. नंतर वरून घातलेलं मीठ मेयोनीजलाच खारट करतं.

पुड्यावर सहसा सात-आठ मिनिटं लिहिलेली असतात. घड्याळापेक्षा मॅकरोनीकडे पाहावं. एक तुकडा काढून सुरीनं आडवा कापला की नळीच्या भिंतीत पांढरट रेघ दिसते, ती कच्च्या पिठाची. ती रेघ नाहीशी झाली की तिथून पुढे दीड ते दोन मिनिटं शिजवावं. मग तुकडा चिमटीत दाबला की सहज चपटा होतो, पण फाटत नाही. टोकं उमलून चिरायला लागली तर वेळ टळली. एक सावधगिरी भारतातल्या वाचकांसाठी: ही सवलत ड्युरम या कडक जातीच्या गव्हाच्या रव्याच्या मॅकरोनीला आहे. मैद्याची किंवा मैदा मिसळलेली असेल तर रेघ जाताच उतरवावी, नाहीतर लगदा होतो. पुड्यावरचे घटक वाचून घ्यावेत.

पास्ता कधी धुवू नये, हा नियम गरम सॉससाठी बरोबर आहे, कारण वरचा चिकटपणा सॉस धरून ठेवतो. इथे तोच चिकटपणा गिच्च गोळा करतो. म्हणून चाळणीत ओतल्यावर वरून गार पाणी सोडावं, पण पार बर्फासारखं करू नये. हाताला कोमट लागेल इथवर पुरे. चाळणी चांगली झटकावी, कारण प्रत्येक नळीच्या पोटात पाणी दडलेलं असतं आणि तेच उद्या डब्याच्या तळाशी जमतं. कोमट मॅकरोनीवर एक टेबलस्पून व्हिनेगर (अ‍ॅपल सायडर असेल तर उत्तम) शिंपडून हलक्या हातानं खालीवर करावं, मग ताटात पसरून पूर्ण गार होऊ द्यावं. हवाई बेटांवरच्या मॅकरोनी सॅलडमध्येही मॅकरोनी पार मऊ शिजवतात आणि गरम असतानाच व्हिनेगर पाजतात. आंबटपणा आत मुरतो तो अशानं.

मेयोनीज मात्र कोमट मॅकरोनीवरही घालू नये. ते म्हणजे अंड्याच्या बलकानं सांभाळून धरलेलं तेल आणि आंबट पाणी. उष्णतेनं ही पकड सुटते, तेल वेगळं होतं आणि सॅलडला मेणचट चकाकी येते.

कालवायच्या मिश्रणासाठी एक कप (२४० मिलि) मेयोनीज, पाव कप सावर क्रीम, दोन टीस्पून पिवळी मोहरीची पेस्ट, एक टेबलस्पून लिंबाचा रस, एक टीस्पून साखर, अर्धा टीस्पून ताजी मिरपूड. सावर क्रीम नसेल तर आंबट न झालेला चक्का दोन चमचे दुधात फेटून घ्यावा. अमेरिकी नियमानुसार ‘मेयोनीज’ म्हणून विकायचं तर त्यात वजनानं किमान ६५ टक्के वनस्पती तेल लागतं. शेजारीच तशाच बरणीत ‘ड्रेसिंग’ म्हणून जे मिळतं ते पातळ आणि गोड असतं. ते घेतलं तर साखर वगळावी. भारतातलं बिनअंड्याचं मेयोनीजही बहुधा गोडसर आणि स्टार्चनं दाट केलेलं असतं. तिथे साखर नको, आणि लिंबू दीडपट.

हे मिश्रण सगळं एकदम घालायचं नाही, हे मुद्दाम सांगायला हवं. दोनतृतीयांश आधी घालावं, उरलेलं झाकून फ्रीजमध्ये वेगळं ठेवावं आणि वाढण्यापूर्वी पंधरा मिनिटं घालावं. पहिला हप्ता मॅकरोनी पिते, दुसरा खाणाऱ्याच्या वाट्याला येतो.

आता ट्यूना. कोकणात कुपा, गेदर म्हणतात ती याच कुळातली मासळी. कॅलिफोर्नियात १९०३ च्या सुमारास ती डब्यात भरायला सुरुवात झाली आणि पुढे अमेरिकी स्वयंपाकघराच्या फडताळात कायमची जाऊन बसली. हे सॅलड त्या फडताळातूनच निघालं आहे, तेव्हा डब्यातली मासळी वापरण्यात कमीपणा मानायचं कारण नाही. इथे अमेरिकेत डबा १४२ ग्रॅमचा असतो, तसे दोन घ्यावेत. भारतात मिळणारे बरेच डबे १८० ग्रॅमच्या आसपास असतात. डब्याच्या आकड्यापेक्षा निथळल्यावर २०० ते २३० ग्रॅम मासळी हाती लागेल असं पाहावं. डब्यावर ‘चंक लाइट’ लिहिलं असेल तर ती बहुधा स्किपजॅक जातीची ट्यूना, रंगानं तपकिरी आणि चवीला ठसठशीत. ‘व्हाइट’ म्हणजे अल्बकोर जातीची, पांढरी, घट्ट आणि सौम्य. सॅलडात अल्बकोरच्या पाकळ्या देखण्या राहतात, पण तिच्यात पारा जवळपास तिप्पट असतो. गरोदर बाई किंवा लहान मुलं जेवणार असतील तर लाइटच बरी.

पाण्यातली ट्यूना असेल तर झाकण पूर्ण कापून तेच आत दाबावं, डबा उलटा धरावा आणि थेंब थांबेपर्यंत दाब सोडू नये. मग मासळी चाळणीत काढून चमच्याच्या पाठीनं पुन्हा एकदा दाबावी. दुसऱ्या दाबालाही चांगले दोन-तीन चमचे पाणी निघतं. सॅलडला पाणी सुटतं ते बहुतेक वेळा इथल्या आळसामुळे. तेलातली ट्यूना जास्त चवदार असते, फक्त मेयोनीज दोन टेबलस्पून कमी करावं. ताजा कुपा वापरायचा तर ३०० ग्रॅम बिनकाट्याचे तुकडे वाफवून, काळपट भाग काढून, गार करून कुस्करावेत आणि चमचाभर तेल लावून ठेवावेत, कारण तो डब्यातल्यापेक्षा कोरडा पडतो. बर्फाबाहेर राहिलेला कुपा घेऊ नये. या जातीच्या मासळीत उबेनं हिस्टामाइन तयार होतं आणि कितीही शिजवलं तरी ते जात नाही.

बाकीचं सोपं आहे. सेलरीच्या दोन दांड्या शिरा सोलून बारीक चिराव्यात. ती चवीपेक्षा कुरकुरीतपणासाठी असते, म्हणून नसेल तर भोपळी मिरची चालते, काकडी नाही, तिला पाणी सुटतं. अर्धा छोटा कांदा अगदी बारीक चिरून दहा मिनिटं गार पाण्यात ठेवावा आणि फडक्यात पिळावा, म्हणजे उग्रपणा निघतो. नाहीतर रात्रभरात सगळ्या डब्याला कांद्याचाच वास लागतो. पाऊण कप फ्रोझन मटार आधीच चाळणीत टाकून ठेवावेत आणि मॅकरोनीचं उकळतं पाणी त्यांच्यावरच ओतावं, तेवढ्यात ते होतात. गोड काकडी-रेलिश (बारीक चिरलेल्या काकडीचं आंबटगोड लोणचं) दोन टेबलस्पून, पिळून. तीन अंडी दहा मिनिटं उकडून लगेच गार पाण्यात टाकावीत, म्हणजे बलकाभोवती हिरवट कडा येत नाही.

मॅकरोनीत आधी मिश्रण, मग भाज्या, आणि ट्यूना व अंडी सगळ्यात शेवटी. डावानं घोटू नये, खालून वर उचलावं. जोर लावला की मासळीचा पिठल्यासारखा लगदा होतो आणि मग तो घास कशाचा हे कळत नाही. किमान दोन तास फ्रीजमध्ये, रात्रभर ठेवलं तर आणखी छान. मीठ या थंडाव्यानंतरच चाखून घालावं. थंड पदार्थात चव मंद लागते, उलट ट्यूना, रेलिश, मेयोनीज तिन्ही आधीच खारट असतात. बहुतेकदा चिमूटभर मीठ आणि लिंबाची एक पिळी एवढंच लागतं. वरून पॅप्रिका भुरभुरवायची पद्धत आहे. ती रंगासाठी, काश्मिरी तिखटाची चिमूटही तेच काम करते.

एक गैरसमज दूर व्हावा. उन्हाळी सहलीत कुणाचं पोट बिघडलं की बोट मेयोनीजकडे दाखवलं जातं. बाजारी मेयोनीज आंबट असतं आणि त्यातलं अंडं पाश्चराइज केलेलं असतं, जंतूंना त्यात वाढणं जड जातं. त्यांना सोय होते ती शिजलेली मॅकरोनी, उकडलेलं अंडं आणि मासळी यांची. घरी कच्च्या अंड्याचं मेयोनीज केलं तर गोष्ट निराळी, ते या सॅलडात वापरूच नये. अमेरिकी कृषी खात्याचा नियम असा: असा पदार्थ फ्रीजबाहेर दोन तास, आणि हवा ३२ अंश सेल्सिअसच्या वर असेल तर एकच तास. मे महिन्यातल्या नागपुरात किंवा पुण्यात हा एकच तास धरावा. इथल्या महाराष्ट्र मंडळांच्या उन्हाळी सहलींत पातेलं टेबलावर दुपारभर उघडं असतं. त्याऐवजी बर्फ भरलेल्या परातीत ते बसवावं आणि निम्मं सॅलड बर्फाच्या पेटीतच ठेवून नंतर काढावं. शाकाहारी मंडळींसाठी ट्यूना आणि अंडी घालण्यापूर्वीच वाटा वेगळा काढायचा असेल, तर मेयोनीजमध्ये अंडं आहे की नाही तेही चिठ्ठीवर लिहावं.

उरलेलं सॅलड फ्रीजमध्ये तीन दिवस टिकतं. फ्रीजरमध्ये घालू नये, मेयोनीज फाटतं. दुसऱ्या दिवशी आळलेलं असेल तर मेयोनीजची बरणी न उघडता आधी एक टेबलस्पून गार दूध घालून पाहावं, दहीभाताला घालतो तसंच.

आपला,
एक वाचक, एडिसन, न्यू जर्सी